सुरीनाम कोणत्या तालुक्यात येतं?

समोर येणाऱ्या प्रत्येक माणसाला हिंदी येतंच, असं धरून मोठ्या जाऊबाई आयुष्यभर बोलल्या. एखाद्याला येत नसेल तर तो त्यांच्या मते मुद्दाम करत होता. एकदा आमच्या वरवट बकालच्या मळ्यात बियाण्यांची पाहणी करायला कुणी जपानी गृहस्थ आले. जाऊबाईंनी त्यांना तीनदा सांगितलं, "ओ भैय्या, वो वाफे में पाव मत रखो." चौथ्यांदा सांगितल्यावर त्यांनी पाय काढला. "पाह्य, आली ना त्याले हिंदी," जाऊबाई मला म्हणाल्या. चौथ्या वेळी त्यांच्या हातात खुरपं होतं, हे त्यांनी हिशेबात धरलं नाही.

मुलांनो, तुम्ही त्यांना फोटोतच पाहिलं आहे. तुमच्या आजोबांच्या थोरल्या भावाची बायको. त्यांना जाऊन आता दोन वर्षं होतील. परवा फोनवर तुम्ही सांगितलंत, ऑकलंडमधल्या तुमच्या बसचा ड्रायव्हर फिजी बेटावरचा आहे, त्यानं भारत पाहिलेला नाही आणि तरी तो घरी हिंदी बोलतो. तुम्हाला फार नवल वाटलं. जाऊबाईंना वाटलं नसतं. म्हणून हे लिहायला घेतलं.

मी नागपूरच्या इंग्रजी शाळेत शिकले आणि नांदुऱ्याच्या शाळेत बत्तीस वर्षं इंग्रजी शिकवलं. जाऊबाई चौथीपर्यंत शिकल्या आणि सोनाळ्याच्या न् नांदुऱ्याच्या बाजारात चाळीस वर्षं वांगी, मेथी न् मिरच्या विकल्या. त्यांची हिंदी तिथली. थोडी बऱ्हाणपूरच्या व्यापाऱ्यांकडून, थोडी ट्रकवाल्यांकडून आणि बरीचशी शेजारी बसणाऱ्या बांगडीवाल्या खालांकडून घेतलेली. "लेना है तो लेव, हात कायकू लगाते?" हे त्यांचं सर्वांत सभ्य वाक्य. मला ते ऐकवत नसे. मी लिंग सुधारायची, वचन सुधारायची. त्या ऐकून घ्यायच्या आणि विचारायच्या, "मास्तरीणबाई, तुह्या व्याकरणानं एक जुडी तरी खपली का?"

एकदा मी त्यांना समजावलं की बरकत, ताज्जुब, फिकीर हे शब्द उर्दू आहेत, हिंदी नव्हेत. त्या मेथी निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "मंग काय करू? एका टोपलीत हिंदी अन् दुसऱ्या टोपलीत उर्दू घिऊन बसू? गिऱ्हाईक एकच हाय ना बाई." भाषाशास्त्रावर पुढे मी बरंच वाचलं. यापेक्षा फार वेगळं काही हाती लागलं नाही.

त्यांची धाकटी मुलगी वनिता, म्हणजे तुमची वनिता आत्या, लग्नानंतर नेदरलँड्समधल्या हेग शहरात राहायला गेली. पहिल्या खेपेला तिचं बाळ सातव्या महिन्यात गेलं. नवरा कामावर, ती घरात एकटी. जाऊबाईंना ते फोनवर कळलं. त्या दिवशी त्या बाजारात गेल्या नाहीत. वर्षभरानं वनिताला पुन्हा दिवस गेले आणि डॉक्टरांनी तिला पडून राहायला सांगितलं, तेव्हा जाऊबाईंनी जाहीर केलं, "मी जाऊन राह्यली."

वनिता नको म्हणाली. "आई, इथं तुझ्याशी बोलायला चिटपाखरू नाही. चार दिवसांत तू वेडी होशील. मी तुला सांभाळू की पोटातल्याला?" जावई पुण्याचे. ते फोन घेऊन म्हणाले, "आईंना इथं फार अवघड जाईल हो काकू." जाऊबाईंशी ते नेहमी सावकाश आणि मोठ्यानं बोलत, जणू वऱ्हाडी हा कानाचा आजार आहे. शेवटी तडजोड ठरली. इंग्रजी येणारी काकू सोबत असेल तरच आईनं यायचं, एक महिना राहायचं आणि काकूसोबतच परत फिरायचं. जाण्या-येण्याची दोघींची तिकिटं एकत्र काढली.

जाऊबाईंनी हातातली मेथी खाली ठेवली. मग मला म्हणाल्या, "बाळंतपणाच्या आधीच मले वापस धाडते ते. आपल्याच पोरीले माह्यं ओझं झालं." मी त्यांना असं खचलेलं कधी पाहिलं नव्हतं. म्हणून मी त्यांना इंग्रजी शिकवायचं ठरवलं. रोज चार ते पाच. देवनागरीत लिहिलेली साठ कार्डं केली, विषयवार लावली, प्रत्येक विषयाला वेगळ्या रंगाचा दोरा बांधला. पहिलं कार्ड होतं, 'व्हेअर इज द गेट?'

"म्हंजे काय?"

"म्हणजे, दार कुठं आहे?"

"दार दिसते तं इचारू कायले? अन् नाही दिसलं तं लोकं जातात तिकडं जाईन ना मी."

दीड महिन्यात अकरा वाक्यं झाली. मग एक दिवस त्यांनी विचारलं, "तिथले लोकं घरात इंग्रजीच बोलतात का?" मला सांगावं लागलं की नाही, त्यांची डच म्हणून वेगळी भाषा आहे, पण इंग्रजी चालतं. जाऊबाईंनी माझ्याकडे नीट पाहिलं. "चालते म्हंजे? चालते तं आमचं लंगडं वासरू बी." आणि त्या कार्डांच्या दोऱ्यांनी त्यांनी दुसऱ्या दिवशी टमाट्याची रोपं काठ्यांना बांधली.

आम्ही निघालो. आखातातल्या एका विमानतळावर विमान बदलायचं होतं. पहिलं विमान उशिरा पोचलं, हातात पाऊण तास, आणि विमानतळ शेगावच्या यात्रेएवढा. मी काउंटरवर गेले आणि शुद्ध इंग्रजीत अडचण मांडली. तितक्याच शुद्ध इंग्रजीत मला रांगेत उभं राहायला सांगण्यात आलं. वळून पाहते तो जाऊबाई गायब. पन्नास पावलांवर रिकामी चाकाची खुर्ची ढकलत जाणाऱ्या एका दाढीवाल्या तरुणाला त्यांनी अडवलं होतं.

"ओ भैय्या, गाव कोनसा तुमारा?"

"मुलतान, अम्माजी."

मी धावत जाऊन जाऊबाईंचा पदर ओढला. पाकिस्तानातलं मुलतान कुठं आहे ते मला ठाऊक होतं. जाऊबाईंना ठाऊक नव्हतं आणि असतं तरी त्यांचा पुढचा प्रश्न हाच असता, "उदर पानी गिरा क्या?"

"इस साल कम है, अम्माजी."

"घर में क्या पेरते?"

"कपास."

जाऊबाई खुलल्या. "हमारे उदर बी कपास! वो गुलाबी इल्ली उदर बी है क्या रे?"

"है ना! सब खा गई," तो म्हणाला, आणि त्याचा चेहरा थेट आपल्या नांदुऱ्याच्या जिनिंगबाहेर कापसाची गाडी घेऊन उभ्या असलेल्या माणसासारखा झाला. पुढची दहा मिनिटं बोंडअळी, फवारणी आणि व्यापाऱ्यांचा नालायकपणा यांवर दोन्ही देशांचं पूर्ण एकमत झालं. त्यानं जाऊबाईंना खुर्चीत बसवलं आणि कुठल्याशा आतल्या दारांतून, लिफ्टमधून आम्हाला असं पळवलं की शेवटचे प्रवासी आत जात असताना आम्ही पोचलो. जाताना आशीर्वादासाठी त्यानं त्यांच्यापुढे डोकं वाकवलं. मी माझ्या शालेय हिंदीत म्हणाले, "आपका बहुत-बहुत धन्यवाद." तो गोंधळून म्हणाला, "जी मॅडम." मला मॅडम. त्यांना अम्मा.

हेगमध्ये पहिले दोन दिवस जाऊबाई खिडकीशी बसल्या. रस्त्यावर माणूस नाही, आवाज नाही. वनिता पलंगावर पडून माझ्याकडे पाहायची, 'बघा, मी म्हटलं नव्हतं?' अशा नजरेनं. तिसऱ्या दिवशी जाऊबाई म्हणाल्या, "इथं बाजार तं असंल ना?" मी नकाशा काढून त्यांना घेऊन गेले. मोठा उघड्यावरचा बाजार होता. भेंडी, कारली, दोडकी, मेथी सगळं मांडलेलं. एका गाळ्यावर आमच्याच वयाची, आमच्याच रंगाची एक बाई जाड स्वेटर घालून बसली होती. जाऊबाईंनी भेंडी मोडून पाहिली. बाई करवादली, "तोड़ मत! का चाही?"

जाऊबाई जागच्या जागी उभ्या राहिल्या. आयुष्यात पहिल्यांदाच दुसऱ्या कुणी त्यांना 'हात कायकू लगाते' म्हटलं होतं.

"बाई, गाव कोनसा तुमारा?"

"सुरीनाम."

जाऊबाई माझ्याकडे वळल्या. "सुरीनाम कोन्या तालुक्यात येते?"

मी शिक्षिका आहे, मुलांनो. तिथंच उभ्या उभ्या धडा घेतला. सुरीनाम दक्षिण अमेरिकेत आहे. तिथं डचांचं राज्य होतं. उसाच्या मळ्यांवर काम करायला बिहार-उत्तर प्रदेशाकडची माणसं जहाजांत भरून नेली. तशीच इंग्रजांनी मॉरिशसला नेली, त्रिनिदादला, गयानाला, आफ्रिकेत नाताळला आणि तुमच्या जवळच्या फिजीला. ती माणसं तिथंच राहिली, त्यांची बोलीही राहिली. पुढे सुरीनामची बरीच माणसं इथं हॉलंडात आली.

जाऊबाईंनी सगळं ऐकलं. मग गंभीरपणे विचारलं, "एवढ्या दूर ऊस तोडाले? मुकादम कोन होता त्यायचा?"

त्या बाईला हे आम्ही दोघींनी मिळून समजावलं. मुकादम होताच, ती म्हणाली. पाच वर्षांचा करार म्हणून नेलं, परत यायचं राहूनच गेलं. ते तिला तिच्या आजीनं सांगितलं होतं. आजीला ती आजीच म्हणत होती आणि आजोबाला आजा. "पाह्य!" जाऊबाई मला कोपरानं ढोसत म्हणाल्या. "आजीले आजी म्हणते, अन् तू मले परदेस सांगते." त्या बाईचं नाव मी विचारलं नाही. जाऊबाईंनी तिला लगेच चाची केलं होतं आणि भेंडीचा भावही पाडला होता. घरी येताना पिशवीत दोन जुड्या जास्त आणि कागदावर चाचीचा फोन नंबर.

त्यानंतर त्या रोज बाजारात. चाचीची व्हॅन त्यांना सोडायला येऊ लागली. चाची वनिताला काढे आणायची, आणि दोघी पलंगाशी बसून तिला आळीपाळीनं रागवायच्या. वनिता हसायला लागली. जावई मात्र चाचीशीही सावकाश आणि मोठ्यानं बोलू लागले.

आमचं परतीचं विमान आठ दिवसांवर होतं. बाळाला अजून महिना होता. एका दुपारी, जावई दुसऱ्या शहरात कामाला गेलेले असताना, वनिताला कळा सुरू झाल्या. ती पांढरीफटक पडली. "काकू, पुन्हा तसंच होणार," एवढंच बोलत राहिली. मी फोन उचलला. इंग्रजीत नाव सांगितलं, पत्ता सांगितला, कितवा आठवडा ते सांगितलं. पलीकडची बाई शांतपणे विचारत होती, मी शांतपणे उत्तरं देत होते. दोन कळांमध्ये किती मिनिटं? मी घड्याळ लावलं.

जाऊबाईंनी वनिताच्या पोटावर हात ठेवला. "मास्तरीणबाई, घड्याळ ठेव. एवढा येळ नाही."

"त्या पाठवतायत कुणाला तरी, जाऊबाई."

"म्हशीचं कळते मले, तं पोरीचं नाही कळनार?"

त्यांनी स्वतःचा फोन काढला. "चाची, गाडी लाव. पोरीले ले जाने का है. अब्बी." एवढंच. मी तिकडे अजून पत्त्याचं स्पेलिंग सांगत होते आणि खाली व्हॅन थांबली. वनिताला आम्ही मेथीच्या क्रेटांमध्ये चादर घालून निजवलं. चाची गाडी चालवताना डचमध्ये दवाखान्याला फोनवर झापत होती, जाऊबाई मागून हिंदीत रस्त्याला झापत होत्या. दवाखान्यातले फॉर्म मी भरले, इंग्रजीची तेवढी अब्रू राहिली. पोचल्यापासून पंचवीस मिनिटांत मुलगी झाली. नाळ गळ्याभोवती होती. डॉक्टर म्हणाले, वेळेवर आणलंत.

जाऊबाईंनी नात हातात घेतली, तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "केवढीशी हाय बे! गवारीची शेंग."

दुसऱ्या दिवशी वनितानं माझा हात धरला. "काकू, आईला नेऊ नका." जाऊबाई कोपऱ्यात बाळाचे लंगोट घडी करत होत्या. त्यांनी ऐकलं नाही असं दाखवलं. एकच लंगोट त्यांनी चार वेळा घडी केला.

पुढे अनेक वर्षं त्या व्हिसाच्या नियमानं तीन महिने तिकडे आणि तीन महिने वरवटला अशा राहिल्या. इथं आल्या की पाहुणीसारख्या वाटायच्या, माझ्याशी चाचीबद्दलच बोलायच्या. मला जरा राग यायचा, तो लिहून टाकते.

पण मला आठवतो तो त्या पहिल्या खेपेचा निघायचा दिवस. जाऊबाई बाळाला न्हाऊ घालत होत्या. हात ओले म्हणून दारापर्यंतच आल्या. "वांग्यायले सांजचं पानी देजो म्हणा पोरायले. अन् तू जेवत जाय वक्तावर." मी हो म्हटलं. पंचेचाळीस वर्षांत आम्ही एकमेकींपासून आठवडाभराहून जास्त दूर राहिलो नव्हतो, हे दोघींनाही बोलायला सुचलं नाही.

विमानतळावर चाची मला सोडायला आली. काउंटरवरच्या मुलीनं पासपोर्ट पाहिला, पडद्याकडे पाहिलं आणि स्वच्छ इंग्रजीत विचारलं, तुमच्यासोबत अजून एक प्रवासी आहे, त्या कुठं आहेत? साधा प्रश्न. पाचवीच्या मुलीला मी याचं उत्तर द्यायला शिकवलं असतं. मी तोंड उघडलं. एक शब्द फुटेना. तिनं पुन्हा विचारलं. मागं रांग वाढत होती.

चाची पुढे झाली. डचमध्ये एकच वाक्य बोलली. मुलगी हसली आणि तिनं दुसरं नाव काढून टाकलं.

गेटकडे जाताना मी चाचीला विचारलं, "तुमने क्या बोला उसको?"

चाची माझी बॅग ढकलत म्हणाली, "हम बोलली कि ऊ घरे है."