टेफ्लॉनचा तो ठोकळा माझा होता

मी स्वतःच्या हातांनी बनवलेल्या वस्तू: दोन व्हॅक्यूम चेंबर, सतरा सॅम्पल होल्डर, एक भट्टी जी नऊशे डिग्रीला लावली की अर्धी डिग्री हलत नाही, आणि सुमतीअक्कांची बदनामी.

अक्का आज पहाटे गेल्या. दुपारी बनशंकरीला विद्युतदाहिनीत सगळं आटोपलं.

घरी येऊन फोन उघडला आणि डोकं फिरलं.

ग्रुपवर फॉरवर्ड: "मधुमेहींचे पाय वाचवणाऱ्या जादुई पट्टीच्या संशोधिका."

खाली एका शहाण्याची कमेंट: "तो पेपर मागे घेतला ना? डेटा शिजवलेला म्हणे."

दोघांनाही काही माहीत नाही. मला आहे. पूर्ण वाचा.

अक्का मटेरियल फिजिक्सवाल्या. त्यांची केसाहून पातळ फिल्म होती, उष्णता ओळखायला बनवलेली. शुगरच्या पेशंटचा तळवा बधिर असतो. जखम होण्याआधी तिथली कातडी गरम होते, पण त्याला कळत नाही. फिल्मची पट्टी तळव्याला चिकटवायची, आणि तिने ते आधी सांगायचं.

लॅबमध्ये ती फिल्म तापवून तपासायची, तर धरायला होल्डर लागतो. तो मी बनवायचो. ना आयटीआय, ना डिप्लोमा. लेथ मी बघून बघून शिकलोय, आणि माझं काम कधी परत आलं नव्हतं.

ड्रॉइंगवर अक्कांनी लिहिलं होतं: सिरॅमिक.

सिरॅमिकचे दोन ठोकळे माझ्या हातून तडकले. मी टेफ्लॉन लावलं. दोन्ही पांढरं, बघून कळत नाही. फिनिश तर असं की बोट फिरवत राहावं.

अक्कांना सांगितलं नाही. मला वाटलं, मी ड्रॉइंग सुधारलं.

टेफ्लॉन तापलं की फुगतं, सिरॅमिकपेक्षा कितीतरी जास्त. ते फुगलं की होल्डरच्या क्लिपखाली फिल्म दाबली जाते.

म्हणजे फिल्मला उष्णता कळतच नव्हती. माझ्या क्लिपचा दाब कळत होता!

आलेख मात्र इतका सुरेख आला की पेपर छापला गेला, हॉस्पिटलमध्ये पेशंटवर चाचणी सुरू झाली.

चूक पकडली कोणी? वॉर्डातल्या सिस्टरने.

"मॅडम, बँडेज स्वल्प टाइट बांधलं की पट्टीचा नंबर वर जातो. पाय तर गार आहे."

अक्का त्याच दिवशी ऑटो करून माझ्या वर्कशॉपमध्ये. होल्डर टेबलावर ठेवला, नखाने ओरखडला.

"विलास, हे काय आहे?"

"टेफ्लॉन."

"मी काय लिहिलं होतं?"

"अक्का, सिरॅमिक तडकत होतं…"

"मग तडकतंय म्हणून सांगायचं! तोंड नव्हतं तुला?"

पेपर त्यांनी स्वतः मागे घेतला. कारण लिहिलं, "उपकरणातील दोष." कमिटीने विचारलं, कोणाचा? म्हणाल्या, "लॅब माझी, चूक माझी." चाचणी थांबली. पुढचा प्रोजेक्ट गेला. कॅन्टीनमध्ये कुजबुज सुरू.

मी म्हटलं, "माझं नाव सांगा ना."

"गप बस. तुझ्याकडे सर्टिफिकेट नाही, नुसतं नाव आहे. तेही गेलं तर काम कोण देईल? माझा पगार चालू आहे."

"पण लोक काय काय बोलतायत…"

"बोलू देत. होल्डर न तपासता छापलं कोणी? मीच ना?"

काय म्हणायचं या बाईला!

आणि मी गप्प बसलो. त्यांचं पटलं म्हणून नाही, सोयीचं होतं म्हणून. चार वर्षं.

तर फॉरवर्डवाल्यांनो, पट्टी चालली नाही. "जादुई" काढा, अक्कांनाच चाललं नसतं.

आणि शहाण्या, डेटा जसा आला तसाच त्यांनी लिहिला होता. खोटा होता तो माझा होल्डर. त्यांच्या अक्षरातल्या ड्रॉइंगचा फोटो खाली टाकलाय. झूम करून वाच.

अक्का, हे तुमच्यासमोर लिहायचं होतं. उशीर केला. नमस्कार.

आणखी एक. पेपर मागे घेतल्यावर सर्जापूर रोडवरच्या एका कंपनीचा माणूस अक्कांकडे गेला होता. म्हणाला, दोष काही नव्हता असं लिहून द्या, पहिल्या आलेखावर आम्ही पट्टी बाजारात आणतो. पेपरही शाबूत राहिला असता, अक्कांचं नावही. त्यांनी दारातूनच परत पाठवला.

मग तो माझ्याकडे आला. होल्डर बरोबर होता, एवढ्यावर माझी सही हवी होती. मी नाही म्हटलं आणि लेथ चालू केला, म्हणजे पुढचं ऐकायला नको. त्याने आकडा कागदावर लिहून दाखवला.

पंचवीस लाख रुपये.