भोंगेकाकांची मुकी गाडी

शाळेची व्हॅन चालवणारे पुष्कळ असतात, पण भोंगेकाका एकच. गाडी जुनी, दरवाजा रुसल्यासारखा अर्ध्यावर अडणारा, पण भोंगा! सुरात वाजणारा, काकांनी हौसेनं बसवून घेतलेला. फाटकासमोर त्याची तान सुटली की पोरं दप्तरं फरफटत धावत सुटायची आणि काका गालातल्या गालात हसायचे. आपला भोंगा एखाद्या मुलाला आवडणार नाही, हे त्यांच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

त्या वर्षी वळणावरच्या घरातली एक छोटी नव्यानं येऊ लागली. पहिल्याच सकाळी तान सुटली आणि तिनं दोन्ही कान दाबून अशी किंकाळी फोडली, की समोरच्या गच्चीवरची कबुतरं उडाली. काकांना वाटलं, पोर बुजली, जरा हसवू या. त्यांनी ठेवणीतली लांब तान काढली. छोटी फाटकातच खाली बसली. दुसऱ्या दिवशी तान आणखी लांब, तिसऱ्या दिवशी त्याहून लांब. काकांची माया जितकी वाढे, तितकी किंकाळी चढे!

आठवडा सरायच्या आत पोरांनी तिचं नाव 'किंचाळी' ठेवलं. शेजारी कुणी बसेना. मग दोघीतिघी आयांनी काकांना गाठलं. "आमची मुलं घाबरतात हो. सोमवारपासून ती गाडीत नको. नाहीतर आम्ही दुसरी गाडी बघतो."

शुक्रवारी दुपारी छोटीला घरी सोडताना काकांनी चाचरत तिच्या आईच्या कानावर घातलं. आई धुलाईच्या दुकानात इस्त्री करायची. तिनं फाटकाचा गज घट्ट धरला.

"काका, तुम्ही नेलं नाहीत तर तिची शाळा सुटलीच म्हणून समजा. माझं काम शाळेच्या आधी सुरू होतं."

"अगं, पण ती ओरडते कशाला? मी तर तिच्यासाठी खास वाजवतो!"

"खास?" आई बघतच राहिली. "अहो, तो भोंगाच तर! तिला ऑटिझम आहे, काका. स्वमग्नता म्हणतात ना, ती. आपल्याला जो आवाज नुसता मोठा वाटतो, तो तिला कानात सुई खुपसल्यासारखा लागतो. सांगणार होते, पण म्हटलं, गाडी नवीनच लावलीय, लगेच तक्रार कशी करायची?"

"आणि मी लांबवत होतो!" काकांनी कपाळावर हात मारून घेतला. तो चेहरा बघून आईला रडू येता येता हसू फुटलं.

काका गाडीत येऊन बसले, पण किल्ली फिरवेनात.

"चला ना काका, भूक लागलीय," पुढच्या सीटवरची वकीलबाई म्हणाली. दोन वेण्या आणि तोंडाला उसंत नाही, म्हणून हे नाव. "सोमवारपासून किंचाळी नाही ना येणार?"

"वकीलबाई, तो लोकरीचा स्वेटर तू का घालत नाहीस गं?"

"टोचतो!"

"तुझ्या दादाला नाही टोचत. मग तू नाटकं करतेस?"

"नाटकं कसली? मला टोचतो म्हणजे टोचतो!"

"तसाच माझा भोंगा तिच्या कानांना टोचतो."

वकीलबाई वेणीचं टोक चावू लागली.

"पण ती माझ्याकडे बघतच नाही," मागून चष्मिष म्हणाला. "मी बिस्कीट दिलं तरी खिडकीकडेच बघत होती."

"खाल्लं का?"

"सगळं! पुडा संपवला!"

"मग! डोळ्यांत बघत नाही, म्हणजे तिला आपण नकोत, असं नाही रे."

"ती बरी कधी होणार?"

"आजारी असेल तर बरी होईल ना? तू डावखुरा आहेस, तशी ती अशी आहे."

वकीलबाईंनी निकाल दिला, "मग भोंगा बंद! ते काचा पुसायचं पिवळं फडकं आहे ना, ते खिडकीतून हलवायचं. आणि ज्यानं त्यानं आपापल्या फाटकात येऊन उभं राहायचं." घरी जाऊन तिनं, काकांना गाठणाऱ्यांत पुढे असलेल्या आपल्या आईशी असा काही वाद घातला, की आईनंच काकांना फोन केला, "सोमवारचा दिवस बघू, मग ठरवू."

काकांनी कंपनीचा साधा हॉर्न अडीअडचणीला ठेवला आणि लाडका भोंगा उतरवून फडताळात टाकला. "आता लोकांनी तुम्हाला काय म्हणायचं?" बायकोनं चिडवलं.

सोमवारी गाडी वळणावर हळूच थांबली. छोटी आधीच कान दाबून, खांदे आक्रसून उभी. गाडीतल्या पोरांनी श्वास रोखलेले. चष्मिषला शिंक आली, तीही त्यानं नाक धरून आत ढकलली. खिडकीतून पिवळं फडकं हललं. छोटी वाट बघत राहिली. काहीच वाजलं नाही. मग एक हात खाली आला. थोड्या वेळानं दुसरा. आणि ती चालत येऊन गाडीत चढली!

फाटकातल्या आईनं असा सुस्कारा सोडला, की काकांना इंजिनाच्या आवाजातही तो ऐकू आल्यासारखा वाटला.

पुढच्या फाटकांवर मात्र धमाल. सवय भोंग्याची, त्यामुळे एक बाबा मुलाला काखेत आणि मोजा दातांत धरून धावत आले. मंडळी हसून बेजार. तेवढ्यात छोटीनं वकीलबाईच्या हातातलं फडकं काढून घेतलं आणि पुढच्या फाटकापाशी स्वतःच हलवलं. त्याच्या पुढच्याही. एक फाटक चुकेल तर शपथ!

संध्याकाळी वकीलबाईंच्या आईचा फोन आला. "ती येऊ दे, काका. आमचीला आता तिच्याच शेजारी बसायचंय."

काकांची गाडी अजून मुकीच आहे. पोरं त्यांना म्हणतात मात्र भोंगेकाकाच.