दोन खांबांच्या मधली जागा

दहिसर चेकनाक्याच्या पुढे, मुंबईच्या हद्दीत, आमच्या मीरा रोडची रिक्षा जात नाही. तेव्हाही जात नव्हती. आणि मी निघाले होते चेन्नईला, विमानाने, मोटारी बनवायला! खानदानातलं पहिलं विमानाचं तिकीट, कंपनीने पाठवलेलं. नाक्यावर दोन बॅगा, एक वळकटी आणि लाडवांचा डबा रस्त्यात मांडून आम्ही तिघं मुंबईची रिक्षा शोधत उभे होतो. शेवटी जो थांबला त्याने सामानाकडे बघून सांगितलं, "तीन आदमी और इतना सामान नहीं बैठेगा." मग बाबा माझ्यासोबत बसले आणि आई नाक्यावर राहिली. रिक्षाच्या मागच्या फटीतून बघितलं, तर ती एक हात वर करून उभी होती आणि दुसऱ्या हातात माझी छत्री होती, द्यायची राहिलेली.

त्या रिक्षात बाबांनी मला नोकरीचा एकमेव सल्ला दिला. "विचारलं तर सांग. नाही विचारलं तरी सांग." एवढंच. मग जयभीम म्हणून पाठीवर थाप मारली आणि विमानतळाच्या दारातून परत फिरले.

आम्ही मीरा रोडचे मूळचे नव्हेत. खारीची, काशीगावची मंडळी मूळची. आम्ही परळच्या एका खोलीतून इथल्या बेव्हर्ली पार्कात आलेलो. बाबा औषधांच्या एका गोदामात कारकून होते. फ्लॅटबरोबर बिल्डरने तळमजल्यावर दोन खांबांच्या मधली पार्किंगची जागा दिली. आमच्याकडे साधी सायकल नव्हती. तरी बाबांनी रंगाच्या रिकाम्या डब्यात सिमेंट ओतलं, मधोमध सळई रोवली आणि तो डबा जागा अडवायला तिथे नेऊन ठेवला. आई कपाळावर हात मारून म्हणाली, "बाजारात तुरी अन् भट भटणीला मारी!"

सोसायटीच्या दर सभेत सेक्रेटरी जिग्नेशभाई तोच विषय काढायचे. "अंकल, गाडी किधर है? डब्बे को पार्किंग दी है क्या?" बाबांचं उत्तर ठरलेलं. "मेरी लडकी गाडी बनाती है. आएगी."

आणि लडकी काय करत होती? लडकी पत्रा दाबून गाडीचे भाग काढतात त्या प्रेस शॉपमध्ये हेल्मेट घालून पत्र्याला सुरकुती का पडते ते शोधत होती. बायकांसाठी स्वच्छतागृह थेट ऑफिसच्या इमारतीत, म्हणजे अख्खा कारखाना तुडवून जायचं. बाहेरून येणारा प्रत्येक माणूस विचारायचा, "मॅडम, तुम्ही एचआरमध्ये का?" पहिल्यांदा राग आला, मग सवय झाली, मग मीच आधी सांगायला लागले, "एचआर त्या बाजूला आहे, मी इकडे गाड्या करते." तमिळ शिकले ती लाइनवरच्या बायकांकडून. त्या मला अक्का म्हणायच्या, आपल्या डब्यातलं लेमन राइस माझ्या ताटात वाढायच्या. आता मला आमटीपेक्षा रसम लवकर जमतं, आणि फोन ठेवताना 'बरं, बरं'च्या जागी तोंडातून तमिळ 'सरी, सरी' जातं. आई चिडवते, "सरी म्हणजे पावसाच्या का गं?"

माझ्यासारखे जे बाहेर पडलेत त्यांना हे ठाऊक असेल. तुम्ही तिकडे पुढे सरकत असता आणि घरच्यांच्या डोक्यात तुम्ही निघालात त्याच दिवशीचे असता. प्रेस शॉपमधून क्वालिटीत, तिथून प्रोजेक्टवर, असं करत करत एका नव्या गाडीची मी प्रोग्रॅम हेड झाले. हेड म्हणजे काय, तर गाडी चालली की श्रेय वाटून घ्यायला सगळे, पडली की मान एकाची. तेव्हा बाबांना म्हटलं, "आता तरी एखादी गाडी घेऊन देते, जिग्नेशभाईंचं तोंड बंद होईल." बाबा फोनवर असे कडाडले! "विकत घेतलेली नको मला. तू केलेली आण."

त्याच वर्षी सोसायटीने ठराव केला. दिवाळीपर्यंत ज्याच्या जागेत गाडी उभी नसेल, त्याची जागा चिठ्ठ्या टाकून दुसऱ्याला. बाबांच्या दोन्ही गुडघ्यांची ऑपरेशनं नुकतीच झालेली. काठी टेकत सभेला गेले आणि सांगून आले, "दिवाळीपर्यंत येते." माझी गाडी दिवाळीच्या तोंडावर बाजारात येणार होती. येणार होती म्हणजे, सगळं सुरळीत झालं तर!

सुरळीत कसलं होतंय? परदेशातल्या मुख्य ऑफिसातून फर्मान आलं, गाडी आणखी रुंद करा. रुंद गाडी रुबाबदार दिसते म्हणे. माझ्या डोळ्यांसमोर आले ते दोन खांब. बाबांना फोन केला, मधलं अंतर मोजायला सांगितलं. त्यांनी आईची शिवणकामाची टेप नेली, तीनदा मोजलं आणि वर ऐकवलं, "मागच्या वर्षी खांबांना प्लास्टर केलं ना, त्यात आणखी अर्धा इंच गेला." मी गणित मांडलं. रुंद केलेली गाडी त्या जागेत बसली असती, पण दार अर्धवट उघडलं असतं. तरणाबांड माणूस तिरका होऊन निसटला असता. नवे गुडघे घेतलेला माणूस आतच बसून राहिला असता.

मीटिंगमध्ये मला कोणी विचारलं नव्हतं. तरी सांगितलं. माझे वरिष्ठ वेंकटेशन सर हळूच म्हणाले, "मॅडम, कंपनी तुमच्या बाबांसाठी गाडी काढत नाही." मी म्हटलं, "सर, माझ्या बाबांसारखे बाबा ज्यांच्या घरी आहेत, त्यांच्यासाठीच काढते. ती माणसं खांबांमध्ये राहतात." सर म्हणाले, "यात वेळ गेला तर ही खुर्ची तुमच्याकडे राहणार नाही." घाबरले का? घाबरले तर! पण इतक्या वर्षांचा तो सिमेंटचा डबा आठवला आणि म्हटलं, आता नाही बोलले तर मीरा रोडला कुठलं तोंड दाखवू?

परदेशातले साहेब पाहणीला आले त्या दिवशी मी पुठ्ठ्याची खोकी रचून हॉलमध्ये दोन खांब उभे केले, अगदी बाबांच्या मापाचे. मधे रुंद नमुना लावला आणि सगळ्यांत मोठ्या साहेबांना म्हटलं, "बसा, आणि आता उतरा." साहेब चांगले भारदस्त. दार उघडलं, एक पाय बाहेर आला, पोट अडकलं. त्यांनी जोर लावला तशी खोकी धडाधड कोसळली. माझ्या घशाशी आलेलं हसू मी कसं गिळलं ते माझं मला माहीत. खोक्यांच्या ढिगातून साहेब स्वतःच हसत उठले आणि म्हणाले, "तुमच्या शहरात असे खांब किती आहेत?" मी म्हटलं, "खांब नाहीत अशी इमारत दाखवा."

रुंदी वाढली नाही, वर दार थोडं पातळही केलं. उपाध्यक्षपदासाठी माझं नाव पुढे होतं, ते मात्र त्या वर्षी दुसऱ्याला गेलं. बोचलं. अजून बोचतं, खोटं कशाला बोलू! पण गाडी दिवाळीच्या आठवड्यात निघाली, आणि तिचा पहिला निळा नग मी माझ्या पैशांनी घेऊन एकटीने चालवत मीरा रोडला आणला.

काशीगावच्या वळणावर बाबा काठी घेऊन उभे. रिक्षा करून पुढे आले होते, शेवटचा तुकडा तरी गाडीतून यायचं म्हणून. बिल्डिंगमध्ये शिरलो तर सिमेंटचा डबा जिग्नेशभाई स्वतः वाकून बाजूला करत होते. "आने दो, आने दो, बस!" गाडी खांबांमध्ये उभी राहिली. मी उतरून दुसऱ्या बाजूला गेले. बाबांनी दार ढकललं. पूर्ण उघडलं. खांब आणि दार यांच्यामध्ये त्यांनी आपला पंजा घालून बघितला, तो आरामात बसला. मग कोणाचा हात न धरता उतरले आणि जिग्नेशभाईंना म्हणाले, "बोला था ना, आएगी." घोडं गंगेत न्हालं एकदाचं. मी खांबाला टेकून रडले, सगळ्या सोसायटीसमोर.

गाडी तिथेच ठेवून मी चेन्नईला परत आले. ड्रायव्हर ठेवते म्हटलं तर आई उसळली, "कशाला? तू बनवू शकतेस, मला चालवता येणार नाही होय?" साठी उलटलेल्या बाईने ड्रायव्हिंग स्कूलमध्ये नाव घातलं. डाव्या खांबावर अजून निळा ओरखडा आहे, आणि बाबा तो कोणाला रंगवू देत नाहीत.

गेल्या खेपेला परत निघाले तेव्हा किल्ली आईच्या हातात होती. बाबा मागे बसले, पण आधी तो डबा जागेत सरकवून. "जिग्नेशचा काय भरवसा!" चेकनाका आला. इकडच्या रिक्षा थांबत होत्या, माणसं सामान उतरवत होती. आईने गिअर बदलला आणि नाका मागे टाकला. बरंच पुढे गेल्यावर म्हणाली, "इथून पुढे मी तुला सोडायला कधी आलेच नव्हते."

इतकी वर्षं घर म्हटलं की मला ती नाक्यावर मागे राहिलेली बाई दिसायची. विमानतळावर मी बॅग काढली तरी गाडी हलेना, तेव्हा पोलिसाने शिट्टी मारली, "आजी, गाडी काढा!" आईने काच खाली केली. "काढते रे बाबा. लेक आत जाऊ दे आधी. तिनेच केलीये ही गाडी."