पलीकडची पाळ

कुडव्याला घर बांधलं तेव्हा आमच्या गल्लीत प्रत्येकाकडे टीव्ही होता आणि दारात गाडी होती. आमच्याकडे दोन्ही नव्हतं. लोक आम्हाला कंजूस म्हणायचे, आणि मागून म्हणण्याइतकीही तसदी घ्यायचे नाहीत. मुलींचे बाबा बिलासपूरला नोकरीला. पंधरा दिवसांनी शनिवारी यायचे आणि रविवारी संध्याकाळच्या गाडीने परत जायचे. दर खेपेला म्हणायचे, "तुला एक स्कूटी घेऊन देतो, भाजीबाजाराला बरी." मी म्हणायचे, "मले पाय हायेत." पेट्रोल जाळून मेथीची जुडी आणायची, हे माझ्या डोक्यात शिरतच नसे. मी सौंदडकडच्या धान पिकवणाऱ्या घरातली. आमच्याकडे भांडी राखेने घासत, मोरीचं पाणी केळीला जाई, आणि जिथे जायचं तिथे माणूस चालत जाई. याला पर्यावरण म्हणतात हे मला फार पुढे, मुलींच्या शाळेच्या पुस्तकातून कळलं.

मोठी दहा वर्षांची होती आणि धाकटी आठची. शाळेतून आल्या की दप्तर फेकायच्या आणि शेजारणीकडे टीव्हीसमोर जाऊन बसायच्या. शेजारीण मनाने चांगली. कधी हाकललं नाही, उलट मुरमुऱ्याचा चिवडा द्यायची. पण एकदा मी बोलवायला गेले तर तिची पोरं दिवाणावर आणि माझ्या दोघी खाली फरशीवर, मांड्या घालून, तोंड उघडं टाकून बसलेल्या. तीन हाका मारल्या तरी एकीने मान वळवली नाही. मी दोघींचे दंड धरून त्यांना घरी आणलं. खरं सांगायचं तर राग टीव्हीचा नव्हता. संध्याकाळी मी घरात एकटी असायचे आणि भिंतीपलीकडून माझ्याच मुलींचं हसणं ऐकू यायचं. ते मला सहन होत नव्हतं.

वस्ती संपली की धानाच्या बांध्या, म्हणजे भाताची खाचरं, सुरू व्हायची आणि त्यांच्या मध्ये एक बोडी होती. बोडी म्हणजे शेताला पाणी द्यायला खोदलेलं लहान तळं, चारी बाजूंनी मातीची पाळ घातलेलं. एका कोपऱ्यात शिंगाड्याचे वेल, बाकी पाणी मोकळं. मालक ओळखीचा निघाला. "पोरी पोहतीन?" एवढंच विचारून त्याने डोकं खाजवलं आणि हो म्हणाला. मी माहेरून दोन वाळलेले भोपळे आणले. आमच्याकडे पोरांना पोहायला शिकवताना कमरेला भोपळे बांधत. भाऊ हसला, म्हणाला, "अवं, टायरची ट्यूब भेटते न बाजारात." मी म्हटलं, जे वेलीवर येते ते इकत कायले घ्याचं? भोपळे घेऊन मी रेल्वेच्या डब्यात बसले तेव्हा समोरची बाई मला वीणा शिकवता का म्हणून विचारत होती.

आता मुख्य गोष्ट. मला स्वतःला पोहता येत नव्हतं. माहेरी तलाव घरामागे होता, पण त्यात भाऊ जायचे. आम्ही बहिणी काठावर धुणं आपटायचो. भावांना काका जे ओरडून सांगायचे तेवढं मात्र पाठ होतं, आणि त्याच भांडवलावर मी पाळीवर बसून शिकवू लागले. "पाय हालव न! पोट वर घे! तोंड मिट!" मुलींचे बाबा एकदा बघायला आले आणि पोट धरून हसले. "लोकां सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण," म्हणाले. पण मुली शिकल्या. पाण्यानेच शिकवलं असेल, श्रेय मी घेतलं.

आमचा एक नियम होता. पाण्यात उतरण्याआधी दोघींनी काठावरच्या प्लास्टिकच्या पन्न्या वेचून एक पिशवी भरायची. गणपतीनंतर तर निर्माल्य, थर्माकोल, प्लास्टिकची फुलं, काय नसायचं तिथे! जिथे खेळायचं ती जागा आपण झाडायची, यात मला काही विशेष वाटत नव्हतं. पण गल्लीतली पोरं सायकलवरून येऊन "कबाडी, कबाडी" ओरडून जायची. मोठी रडली. "काऊन रडून राहिली?" मी म्हटलं, "हासू दे त्यायले. दात त्यायचे दिसतात, आपले नाही." ती म्हणाली, "तुले काय, तुले कोणी मैत्रीणच नाही." दहा वर्षांची पोर, पण बोलली ते नेमकं होतं.

मला खरंच कोणी नव्हतं. शेजारणीची मुलगी थोडे दिवस आमच्याबरोबर आली होती. तेव्हा मला मुलीपेक्षा तिच्या आईची आशा जास्त लागली होती. वाटलं, तीही येईल, पाळीवर दोघी बसू, शेंगा खाऊ, इकडचं तिकडचं बोलू. मी दोनदा शेंगा नेल्यादेखील. मग एक दिवस शेजारीण फाटकातूनच म्हणाली, "भाभी, बुरा मत मानना, उसके पापा मना करते हैं. लड़की काली पड़ जाएगी." मी शेंगा परत आणल्या.

दुसऱ्या वर्षी दोघींचे भोपळे सुटले. आधी मोठी आणि मग धाकटी मोकळ्या हातांनी बोडी पार करून पलीकडच्या पाळीवर चढू लागल्या. मला इतका आनंद व्हायला हवा होता की बस. झालाही. पण त्यानंतर रोजचं एक ठरून गेलं. दोघी पोहत पलीकडे जायच्या, ओल्या अंगाने शेजारी शेजारी बसायच्या आणि डोकं लावून बोलायच्या. बराच वेळ. पाण्यावरून आवाज यायचा, शब्द कळायचे नाहीत. कधी भांडायच्या, कधी एकमेकींचे केस ओढायच्या, कधी माझ्याकडे बघून खिदळायच्या. मी इकडे त्यांचे कपडे मांडीवर घेऊन बसलेली. टीव्हीपासून सोडवून आणल्या त्या यासाठी का, असं मनात यायचं. घरी जाताना विचारायचे, "काय बोलून राहिल्या होत्या येवढं?" दोघी एका सुरात म्हणायच्या, "काही नाही."

मी आत उतरावं म्हणून त्या मागे लागायच्या. "ये न आई, आम्ही शिकवतो." मी म्हणायचे, "या वयात?" तेव्हा मी चौतिशीची होते. लुगडं नेसून पाण्यात उतरलेली बाई कुडव्यात कोणी बघितली असती तर आठवडाभर पुरली असती लोकांना. आणि भीती होती, ती वेगळीच. मी हट्टी बाई. एकदा नाही म्हटलं की नाही.

त्याच हिवाळ्यात एकदा धाकटी भलत्याच कोपऱ्यात गेली आणि तिचा पाय शिंगाड्याच्या वेलात अडकला. डोकं खाली गेलं, वर आलं, पुन्हा गेलं. मी पाळीवरून कधी उतरले मला आठवत नाही. पाणी कमरेला लागलं, पायाखालचा चिखल सरकला, तेवढ्यात मोठी किंचाळली, "आई, तिथंच थांब! पुढं येऊ नोको!" असा आवाज मी तिचा कधी ऐकला नव्हता. लहान मुलाला दटावावं तशी तिने मला दटावलं, बहिणीच्या काखेत हात घातला, वेल तोडला आणि तिला ओढत काठाला आणलं. धाकटी खोकली, रडली, मग स्वतःच हसायला लागली. मी कमरेएवढ्या पाण्यात उभी. लुगडं ओलं, चप्पल चिखलात गेलेली.

दुसऱ्या दिवशी मी म्हटलं, आजपासून बोडी बंद. मोठीने पन्न्यांची पिशवी घेतली, धाकटीने टॉवेल घेतला आणि दोघी दारात उभ्या राहिल्या. "चल न." मी गेले. नाही तर काय करणार होते? घरात बसवलं असतं तर त्या पुन्हा भिंतीपलीकडे गेल्या असत्या. पण त्या दिवसापासून मला एक कळून चुकलं. मी तिथे असून उपयोगाची नव्हते, उलट अडचण होते. पलीकडच्या पाळीवरच्या गोष्टी आणखी लांबल्या. मी कपडे सांभाळत राहिले. घरी जाताना त्या पुढे, मी मागे.

पोरी वाढल्या. दंड भरले, खांदे रुंद झाले. कोणी म्हणालं, पोरींचे खांदे पोरांसारखे, लग्नाला त्रास होईल. मी म्हटलं, "पोतं उचलाले बोलावीन तुमाले तवा सांगजा." मग एक नागपूरला शिकायला गेली, पाठोपाठ दुसरीही. बोडीत मुरूम टाकून प्लॉट पाडले. मुलींच्या बाबांची बदली काही झाली नाही. ते अजूनही पंधरा दिवसांनी येतात. मी रोज संध्याकाळी चालायला जाते ते सवयीने. सोबत कोणी नसतं.

मोठी पुण्याला नोकरीला लागली तेव्हाची गोष्ट. संध्याकाळी तिचा फोन आला. ऑफिसजवळच्या तलावात पोहायला जाऊ लागले म्हणाली. निळ्या फरशीचा तलाव, डोळे चुरचुरतात. मग म्हणाली, "आई, आमी पलीकडं बसून काय बोलत होतो, सांगू?"

मी म्हटलं, "सांग."

"तू पाण्यात उडी मारशीन तवा तुले बाहेर कसं काढाचं, थे ठरवून राहत होतो."

मी फोन दुसऱ्या कानाला लावला.

"तुले पोहता येत नाही न. अन् आमाले काही झालं तर तू थांबणार नाही, हे आमाले मालूम होतं. शिंगाड्यात थे झालं तवा तर पक्कंच झालं. धाकटी म्हणे, मी पाय धरतो. मी म्हणो, पाय धरशीन तर आई तुलेच बुडवीन. म्हणून केसं धराचे ठरलं. धाकटीचे केसं ओढून पाहत होतो, किती जोर लागते थे. म्हणून तर मी तुले रोज म्हणो, अंबाडा नोको घालू, वेणी घाल."

"मले वाटे, तुले माझा अंबाडा गावंढळ वाटते."

"वेणी धराले सोपी पडते, आई."

ती हसत होती. "भाजी करपून राहिली," म्हणून मी फोन ठेवला. गॅसवर काहीच नव्हतं.