तुबलीचे आमदार

एसीच्या फिल्टरवर धूळ साठते ना, तसे हे किस्से साठतात. आपण काहीच करत नाही, फक्त रोज ऑफिसला जातो! कुवेतच्या लढाईनंतर पाच-सहा वर्षं मी बहारीनला, तुबलीतल्या एका एसी दुरुस्तीच्या वर्कशॉपमध्ये टायपिस्ट होते. आता वसईला घरी बसून आठवायला लागले की निम्मे किस्से एकाच माणसाचे निघतात. आमचे अमेरिकन मॅनेजर, मिस्टर वॉल्टर. ते बोलायचे इंग्रजीतच. मी आपली मराठीत सांगते.

*

पहिल्या दिवशी साहेब केबिनमध्ये गेलेच नाहीत. सरळ वर्कशॉपमध्ये शिरले आणि ग्रीसने माखलेला एकेक हात हातात घेत सुटले. "नाव काय? गाव कुठलं?"

आमचे स्टोअरकीपर हमीदचाचा गुहागरचे. ते फडक्याला हात पुसत मला म्हणाले, "फिलोमिना, ह्यो मतं मागायला आलाय काय गो?"

चाचांचा नेम बरोबर लागला होता! साहेब अमेरिकेत आपल्या राज्यात तीनदा आमदार झालेले. जुनी सवय म्हणून त्यांनी त्याच संध्याकाळी प्रत्येकाचं एक कार्ड केलं. वर नाव, खाली गाव. "गाव लिहिल्याशिवाय मला माणूस लक्षातच राहत नाही," म्हणाले. ती कार्डं बुटाच्या खोक्यात राहायची. पुढे साहेब कुणाचंही नाव लिहायचे तर खाली गाव यायचंच, अगदी ओव्हरटाइमच्या चिठ्ठीवरसुद्धा!

*

साहेब आमदार होते हे कळल्यावर आपली माणसं काय करणार? निवेदन देणार! हमीदचाचांच्या वाडीपर्यंत रस्ता नव्हता. चाचांनी तिघा-चौघा गाववाल्यांना गोळा केलं, मी अर्ज टाइप केला, आणि सगळे रीतसर शाल-नारळ घेऊन केबिनमध्ये गेले.

साहेबांनी अर्ज दोनदा वाचला. मग नारळ उचलून चाचांच्या हातात परत दिला. "सॉरी हमीद, मी मतदारांकडून भेटवस्तू घेत नाही!"

शालही परत गेली. अर्ज मात्र त्यांनी ठेवून घेतला आणि गुहागरच्या सरकारी ऑफिसला पत्र लिहायला मला बसवलं. "माझ्या मतदारसंघातील एका नागरिकाच्या वतीने..."

मी थांबले. "सर, गुहागर तुमच्या मतदारसंघात येत नाही."

"हमीद येतो ना?" साहेब म्हणाले. "टाइप कर."

चार महिन्यांनी उत्तर आलं. अर्ज पुढील कार्यवाहीसाठी संबंधित विभागाकडे पाठवला आहे, एवढंच. साहेबांनी तो कागद कितीतरी वेळ हातात धरला होता. त्यांचे डोळे भरून आले होते. "फिलोमिना, अगदी आमच्याकडच्यासारखं उत्तर आहे गं!"

*

चौथ्या निवडणुकीत साहेब पडले होते. किती मतांनी? एका!

हे कळलं तेव्हा वर्कशॉपमधलं काम अर्धा तास बंद पडलं. ते एक मत फिरवलं कुणी? कुणी म्हणे शेजारी असेल, कुणी म्हणे साडू. चाचा आपल्या हिंदीत म्हणाले, "साब, अपने घरकाच कोई होएंगा!"

साहेब हसले. "मलाही तोच संशय आहे, हमीद."

*

दुपारी चारला आमच्याकडे चहा यायचा. तेव्हा तिकडे अमेरिकेत सकाळ होते. चार वाजले की साहेब केबिनमध्ये फोनजवळ जाऊन बसायचे, कारण त्यांच्या पक्षाची माणसं पुन्हा उभं राहायला बोलावणार होती. एकदा मी विचारलं, "सर, इथे पगार चांगला आहे, गाडी आहे. परत कशाला जायचं?"

"तिकडे मला हॉटेलात एक घास सुखाने खाता यायचा नाही," ते म्हणाले. "कुणी ना कुणी येऊन सांगायचं, आमच्या गल्लीत दिवा नाही. इथे मी पोटभर जेवतो."

मला त्या क्षणी आमचं वसईचं अंगण आठवलं, आणि भिंतीवरून वाकून "जेवलीस काय?" विचारणारी शेजारीण. तिचा तेव्हा किती कंटाळा यायचा! साहेबांसमोर रडायला नको म्हणून मी कप उचलून बाहेर आले.

*

फोन आला एका बुधवारी. पक्षाने दुसऱ्याच कुणालातरी उभं केलं होतं. साहेबांनी "शुभेच्छा" म्हणून रिसिव्हर ठेवला. दुसऱ्या दिवशी चारला ते फोनजवळ बसलेच नाहीत. ते आम्हाला बघवेना.

शेवटी चाचांनीच तोड काढली. वर्कशॉपच्या मेसचे चेअरमन इतकी वर्षं तेच होते. "मी खुर्ची सोडतो. साहेबांना एकदा निवडून आणू या, खलास!" पण समोर कुणी नसेल तर निवडणूक कसली? म्हणून चाचा स्वतःच साहेबांविरुद्ध उभे राहिले, आणि सगळ्यांना सांगत फिरले, "माझ्या नावावर कोणी मत टाकलं तर बघा हां!"

साहेबांचा पंधरा दिवस काय उत्साह! खोलीखोलीत जाऊन हात मिळवले, आठवड्यातून दोनदा सुरमईचं आश्वासन दिलं. मतदानाच्या दिवशी टाय लावून आले, रांगेत उभे राहिले, आणि आडोशाला जाऊन चिठ्ठी लिहून बिस्किटांच्या डब्यात टाकली.

मोजणी माझ्याकडे. सगळी मतं साहेबांना! एक सोडून.

टाळ्या पडल्या, कुणीतरी साहेबांना खांद्यावर घेतलं. चाचा मात्र लालेलाल. "ते एक मत माझ्या नावावर कोणी टाकलं? मी माझंसुद्धा साहेबांना दिलंय! कोण आहे तो गद्दार?"

"जाऊ दे, हमीद," साहेब वरूनच म्हणाले. "एका मताने काय होतं?"

ती चिठ्ठी माझ्या हातात होती. वर लिहिलं होतं हमीद. आणि खाली, गुहागर.