पाणी शिंपडण्याची सबब

कुणी केबिनमध्ये पंखा लावतो, कुणी गाण्यांचा डबा. झारीकाकाने आपल्या टिपरमध्ये पत्र्याची झारी टांगली होती, फुलझाडांना पाणी घालतात तसली. त्यावरूनच त्याचं नाव पडलं. खरं नाव लायसनवर होतं आणि लायसन पाकिटात, त्यामुळे ते कुणाच्या तोंडी येण्याचा प्रश्नच नव्हता.

काका कच वाहायचा. कच म्हणजे खाणीतला दगड यंत्रात फोडताना निघतो तो चुरा. बांधकामाला वाळूऐवजी चालतो, पण कोरडा असला की उडतो आणि मागच्याच्या डोळ्यांत जातो. बाकीचे ड्रायव्हर ताडपत्री ओढून मोकळे व्हायचे. काका मात्र आधी हौद्यावर चढून झाऱ्याच्या झाऱ्या पाणी शिंपडायचा आणि मगच ताडपत्री बांधायचा. त्याच्या बायकोला दमा. लग्नानंतर पहिल्याच वर्षी ती म्हणाली होती, "तुमची गाडी ज्या दारांवरून जाते ना, तिथं माझ्यासारखी एखादी बसलेली असते. एवढं लक्षात ठेवा." त्याने ते बत्तीस वर्षं लक्षात ठेवलं.

आणि तेच नडलं. एका सकाळी पुलाच्या तोंडाशी तहसीलच्या पथकाचं वाळूचोरांच्या गाड्या पकडणं चाललं होतं. तीन पकडल्या होत्या, चौथा आला काका. हौद्याच्या फटीतून पाणी ठिबकत होतं.

"काय रे, आत्ताच नदीतून काढलीस वाटतं?"

"नाही साहेब, कच आहे. पाणी मी मारलंय."

"का? तहान लागली होती तिला?"

सगळे हसले. काकालाही हसू आलं, आणि त्या हसण्यानेच तो चोर ठरला. खाणीची पावती दाखवायला गेला तर तीही भिजलेली, शाई पसरून निळा डाग झालेला. खाणवाल्याने तर नोंदच सापडत नाही म्हणून हात वर केले. तपासणीला नेलेला नमुना कुठल्या टेबलावर झोपला, ते कुणालाच ठाऊक नाही.

गाडी जप्त झाली. तहसील कचेरीबाहेर झाडाखाली बसणाऱ्या अर्जनवीसाने पंचनामा वाचून दाखवला. "माल ओला, खालून पाणी ठिबकत असलेला, सबब नदीपात्रातून उपसलेला."

काका उखडला. "सबब? मी कसली सबब सांगितलीच नाही! खरं तेच सांगितलं!"

"अहो काका, घरातली सबब वेगळी. इथं सबब म्हणजे 'म्हणून'."

"मग 'म्हणून' लिहायला काय हात दुखतात?"

"'म्हणून' लिहिलं की सगळ्यांना कळतं. मग माझ्याकडे कोण येईल?" अर्जनवीस हसला आणि गंभीर झाला. "हे बघा, पाणी का मारलं ते अर्जात यायला हवं. काकूंचा जबाब जोडू या."

"तिला यात ओढायचं नाही."

घरी त्याने कागद अपुरे होते एवढंच सांगितलं होतं. आपल्याच एका वाक्यापायी गाडी गेली हे तिला कळलं तर आधीच तोकडा असलेला तिचा श्वास आणखी तोकडा होईल, ही त्याला धास्ती. म्हणून प्रत्येक अर्जात "मालाच्या काळजीपोटी पाणी मारले" असं मोघम लिहिलं जायचं आणि प्रत्येक वेळी अर्ज परत यायचा.

आठ महिने असे गेले. काका गोदामात पोती उचलायचा आणि तारखेच्या दिवशी कचेरीच्या आवारात जप्त गाड्यांच्या रांगेत आपल्या टिपरपाशी उभा राहायचा. टायर मातीत बसले होते. फाटक्या ताडपत्रीतून गवत वर आलं होतं. तो ते उपटायचा, पुढच्या तारखेला ते पुन्हा उगवलेलं असायचं.

एक दिवस धुवायला घेतलेल्या सदऱ्याच्या खिशात बायकोला पंचनाम्याची नक्कल सापडली. ती सातवीपर्यंत शिकलेली. दोनदा वाचला. पुढच्या तारखेला म्हणाली, "मलाही दवाखान्यात सोडा वाटेत." आणि कचेरीशी आल्यावर त्याच्याही पुढे होऊन जिना चढू लागली. तीन जिने. दोनदा पायरीवर बसली.

"अगं, कशाला आलीस?"

"तुम्ही गप्प बसा. आठ महिने खूप बोललात ना?"

आत साहेब नवे होते. ती खुर्चीला धरून उभी राहिली. "साहेब, ह्यांच्या कागदात सबब चुकलीय. पाणी माझ्यापायी मारतात हे. सबब मी आहे." पुढचं खोकल्यात गेलं. साहेबांनी उठून आपला पाण्याचा पेला तिच्यापुढे धरला.

मग त्यांनी हौद्यातली मूठभर कच मागवली आणि तळहातावर चोळली. बोटाला टोचली. नदीची वाळू घासून गुळगुळीत झालेली असते, ती अशी टोचत नाही. नमुना काढल्यानंतर आठ महिन्यांत त्या मालात कुणी हातच घातला नव्हता. साहेबांनी स्वतः लिहिलं, "सबब वाहन मालकास परत देण्यात यावे."

माल तिथेच उतरवला. किल्ली फिरवली तर इंजिन ढिम्म. शेवटी दोस्ताच्या टिपरला साखळीने बांधून न्यायचं ठरलं. बायको मात्र हट्टाने केबिनमध्येच बसली.

"बघा, कशी चाललीय. आवाजसुद्धा नाही."

"तुझ्यासाठीच बंद ठेवलाय आवाज."

ती हसली. हसण्याचा खोकला झाला, आणि तो घर येईपर्यंत थांबला नाही.

इंजिन दुरुस्त व्हायला अडीच महिने लागले. ती दीडच थांबली.

पहिल्या खेपेला काका हौद्यावर चढला. जुन्या झारीचा तळ गंजून गेला होता, म्हणून नवी आणली होती. पुलाच्या तोंडाशी पुन्हा अडवलं. माणूस वेगळा, प्रश्न तोच.

"ओली कशी काय? पाणी का मारलंस?"

काकाने कोरडी पावती पुढे केली. ती आता तो प्लास्टिकच्या पिशवीत ठेवायचा.

"घरात दमा आहे, साहेब," तो म्हणाला.

त्यांनी पावती पाहून त्याला जाऊ दिलं.