दोन बंबांचं महायुद्ध

ऐन टंचाईच्या उन्हाळ्यात मी घरातलं पिंपभर प्यायचं पाणी दोन खोट्या देशांच्या लढाईला देऊन टाकलं. पन्नाशीला टेकले होते तेव्हा, त्यामुळे लहान होते म्हणायचीही सोय नाही. सगळं लातूर टँकरवाल्याला हात जोडत होतं आणि मी एका नाटककाराला.

हे गृहस्थ आमच्याच कॉलनीत राहायचे. मूळचे देगलूरचे, बँकेतून निवृत्त झालेले. चहा आला की थोडा बशीत सांडायचा, त्यात बोट बुडवायचं आणि टेबलावर रेघ ओढायची. "ही सरहद्द. इकडे ताम्रदेश, तिकडे लोहदेश. मध्ये नीलसर तळं. सगळं भांडण त्या तळ्याचं." टेबल कुणाचं का असेना. सरहद्द पुसायला आम्ही बाया होतोच.

त्यांच्या जगात वीज नाही, पेट्रोल नाही, सगळा कारभार वाफेवर. वाफेचे रणगाडे, वाफेची विमानं, राजाला वारा घालायचा पंखासुद्धा वाफेचा. मी एकदा भीत भीत विचारलं, "सर, त्या तळ्याच्या काठी राहतं कोण?"

"बारकाव्यात जाऊ नका. हे जागतिक आहे."

तुम्हीही असे जागतिक लोक पाहिले असतील. त्यांच्या लढाईत सेनापती ढीगभर असतात, पण काठावर धुणं धुणारी एक बाई नसते. मी मात्र गार पडले. हेच नवऱ्याने म्हटलं असतं तर त्याला सोडलं नसतं.

नाटक कॉलनीच्या सभागृहात ठरलं. रणगाड्यांसाठी सरांनी माळ्यावरचे जुने आंघोळीचे बंब उतरवायला लावले. ताम्रदेशाचा तांब्याचा बंब आमचा, सासूबाईंच्या लग्नातला. लोहदेशाचा बंब शेजाऱ्यांचा, पत्र्याचा. दोन्ही हातगाड्यांवर चढवले. झाकणांना कुकरच्या शिट्ट्या बसवल्या आणि फटीतून वाफ निसटू नये म्हणून कडेने कणीक थापली.

"वाफ खरी पाहिजे," सर म्हणाले. "प्रेक्षकाला फसवायचं नाही."

पाण्याचा विषय निघताच सगळे आपापल्या चपलांकडे बघायला लागले. तळ्यासाठी लढणारे दोन देश, आणि बंबात ओतायला तांब्याभर पाणी नाही. तेव्हा ही शहाणी उठली. "सर, आमच्याकडं पिंप भरलेलं आहे." नाटकाच्याच संध्याकाळी टँकर येणार होता, लगेच भरून घेऊ, असा माझा हिशेब. सरांनी मान डोलावली. आभार मानायचा बारकावा राहून गेला.

संध्याकाळी बंब पेटले. शिट्ट्या झाल्या, रणगाडे हलले, पोरांनी टाळ्या वाजवल्या. मग कणीक भाजायला लागली आणि महायुद्धाला चपातीचा वास सुटला.

"वाढा की आता," पुढच्या रांगेतून कोणीतरी म्हणालं.

तेवढ्यात बाहेर टँकरचा हॉर्न वाजला.

सभागृह असं रिकामं झालं की विचारू नका. लोहदेशाचा सेनापती पुठ्ठ्याच्या चिलखतासकट पळाला. ताम्रदेशाचा त्याच्याही पुढे, घागर आधीच काखेत. सरांची ती शुद्ध मराठी कुठल्या कुठे गेली. "आरं, कुठं चाललाव? युद्ध चालू हाय न!"

मीही अर्धी उठले होते. सरांनी माझ्याकडे पाहिलं. मी बसले.

पुढचा सगळा अंक त्यांनी एकट्याने केला. डावीकडे जाऊन ताम्रदेशाची धमकी दिली, उजवीकडे पळत येऊन तिला लोहदेशाचं उत्तर दिलं. बंब विझल्यावर तोंडाने फुस्स फुस्स करून वाफ सोडली. घामाने शर्ट पाठीला चिकटला होता, पण एक वाक्य गाळलं नाही. तेवढ्यापुरता मला तो माणूस आवडला. त्याहून जास्त माझ्याकडून वदवून घेऊ नका.

शेवटी वाकून नमस्कार करत, एकाच प्रेक्षकाला, ते म्हणाले, "तळ्याचा निकाल दुसऱ्या भागात."

दुसरा भाग झालाच नाही. ते नांदेडला मुलाकडे राहायला गेले आणि गेल्या वर्षी तिथेच वारले.

त्या संध्याकाळी मी बाहेर आले तेव्हा टँकर निघून गेला होता. रस्त्यावर ओली चाकोरी तेवढी उरली होती. घरी सासूबाई रिकाम्या पिंपाशी बसलेल्या. गुडघ्यांमुळे त्यांना रांगेत उभं राहता येत नसे, पाणी आणायचं ते मीच.

"पाणी?"

"सर एकटे पडले होते, म्हणून थांबले."

त्यांनी पिंपात एकदा वाकून पाहिलं. मग म्हणाल्या, "लढाई कशापायी व्हती म्हनं?"

"तळ्यासाठी."

"मग? तळं कुणाला घावलं?"

"अजून ठरलं नाही."

"ठरलं की सांग. घागर घिऊन मीच जाते. तू बस टाळ्या वाजवीत."